मागच्या बाकावर बसूया
हुबळी-धारवाडच्या कॉलेज शिक्षकांचा जाहीरनामा

नववीला भूगोल शिकवायचा तर बी.एड. लागते. बी.एस्सी.च्या ऐंशी मुलांपुढे उभे राहायला मात्र शिकवण्याचे शिक्षण घेतल्याचा एकही कागद लागत नाही. एम.ए. किंवा एम.एस्सी. झाली, नेट किंवा पीएच.डी. पदरात पडली, की वेळापत्रक आणि हजेरीपट हातात येतो आणि दुसऱ्या दिवशी पहिला तास. नेटच्या पहिल्या पेपरात अध्यापनावर चार-दोन प्रश्न असतात, तेही पर्यायावर खूण करायचे. विषय येतो म्हणजे शिकवताही येते, असे सरकारने, विद्यापीठाने आणि आम्हीही इतकी वर्षे गृहीत धरले. ते गृहीतक मोडण्यासाठी आम्ही एकत्र येत आहोत.

आम्ही म्हणजे सरकारी पदवी कॉलेजांतले काही, अनुदानित संस्थांतले काही, आणि बरेचसे गेस्ट लेक्चरर: सकाळी धारवाडला दोन तास, मग चिगरी बस पकडून दुपारी हुबळीत तीन. कोणाच्या घरी कन्नड, कोणाच्या मराठी, कोणाच्या कोकणी किंवा दखनी उर्दू. कन्नड मसुदा वेगळा निघतो आहे. हा मराठीत लिहिला, कारण बेळगाव, खानापूर, चंदगड, कोल्हापूरच्या सहकाऱ्यांनी तो वाचावा आणि पटला नाही तर भांडायला यावे. आमच्या या चळवळीला नाव नाही. नाव ठेवले की लेटरहेड येते आणि लेटरहेड आले की अध्यक्ष येतो.

ज्या गावात आम्ही राहतो तिथे कला कशी उतरते हे सांगायला बाहेरचा तज्ज्ञ बोलवायची गरज नाही. गंगूबाई हनगल हुबळीहून रेल्वेने कुंदगोळला सवाई गंधर्वांकडे शिकायला जात. गुरू एका बैठकीत थोडेच सांगायचे आणि तेवढेच घोटून घ्यायचे. त्याच घरात भीमसेन जोशी शिकले. या परंपरेत शिष्य आधी ऐकतो, दुसऱ्याचे चुकणे आणि सावरणे जवळून पाहतो, गुरूच्या मागे तंबोरा धरून बसतो, आणि मग कधीतरी मैफलीला बसतो. कॉलेजचा शिक्षक थेट मैफलीलाच बसतो. पुढची तीस वर्षे बंद दाराआड एकटाच गातो आणि बाजूच्या खोलीतला सहकारी कसा गातो हे त्याला निवृत्तीपर्यंत कळत नाही. सेवानिवृत्तीच्या समारंभात मात्र दोघे एकमेकांना आदर्श शिक्षक म्हणतात.

यावर स्टाफरूममध्ये एक उत्तर हमखास येते: चांगला शिक्षक जन्मावाच लागतो, जीएंना कोण शिकवायला गेले होते? जी. ए. कुलकर्णींनी धारवाडच्या जनता शिक्षण समितीच्या कॉलेजात सुमारे तीस वर्षे इंग्रजी शिकवले, हे खरे. पण जीए जन्मभर वाचत होते, कॉनरॅड रिक्टरच्या कादंबऱ्या वाक्यावाक्याने मराठीत आणत होते, पुस्तकांविषयी पानेच्या पाने पत्रे लिहीत होते. शब्दाशी इतकी वर्षे झटणे हे प्रशिक्षणच असते. जन्मजात शिक्षकाचा दाखला देणाऱ्यांपैकी कितीजणांचा तेवढा रियाज आहे? (जीए आमच्या बैठकीला आले नसते, हे आम्हालाही ठाऊक आहे. त्यांना आमंत्रणही गेले नसते; माणूस ओळखून आमंत्रण द्यावे.)

दोष एकट्यादुकट्या शिक्षकाचा नाही. 1857 साली मुंबई विद्यापीठ निघाले ते लंडनच्या नमुन्यावर: कॉलेजांनी शिकवायचे, विद्यापीठाने परीक्षा घ्यायची. आमचे कर्नाटक विद्यापीठ 1949 चे. संलग्न कॉलेजांचा तो सांगाडा त्यालाही वारशाने मिळाला. अभ्यासक्रम दुसऱ्याने ठरवलेला, प्रश्नपत्रिका दुसऱ्याने काढलेली, उत्तरे तिसऱ्याने तपासलेली. मग शिक्षकाच्या हाती उरते ‘पोर्शन’ संपवणे. पोर्शन संपवायची सर्वांत जलद रीत म्हणजे नोट्स डिक्टेट करणे, आणि ती करताना समोर कोण बसले आहे हे पाहावे लागत नाही. त्यात नॅकच्या फायली, प्रवेशाचे काम, निवडणुकीची ड्यूटी. 1987 पासून अ‍ॅकॅडेमिक स्टाफ कॉलेजे निघाली, पुढे त्यांची नावे दोनदा बदलली. तिथे काही चांगली माणसे भेटतात. पण बहुतेक शिक्षक तिथे पोचतो तो वर्गात काही वर्षे घालवून, बढतीसाठी लागणारे प्रमाणपत्र घ्यायला. तोवर सवयी पक्क्या झालेल्या असतात.

आणि विद्यार्थी? धारवाडच्या सप्तापूर भागात एक चक्कर मारावी. केएएस, पीएसआय, शिक्षकभरती, प्रत्येक परीक्षेच्या क्लासचा फलक तिथे आहे, आणि पैसे भरून बसायच्या अभ्यासिका सकाळपासून भरलेल्या आहेत. त्यांतली कितीतरी मुले हजेरीपटावर आमच्या वर्गात असतात. तेव्हा आजच्या पोरांना बसायचाच कंटाळा आहे, ही तक्रार आम्ही मागे घेतो. त्यांनी हिशेब केला आहे. क्लासवाला दर आठवड्याला चाचणी घेतो आणि कुठे चुकले ते सांगतो. आम्ही ते सेमिस्टर संपल्यावर, निकालाच्या आकड्यात सांगतो. क्लासवाल्याची नक्कल करायची नाही, कारण परीक्षेत न येणारे तो शिकवत नाही. पण त्याची ही एक गोष्ट उचलायला लाज कसली?

हार्वर्डला भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या एरिक माझूर यांना 1990 च्या सुमारास असाच धक्का बसला. विद्यार्थी त्यांच्यावर खूष होते, अवघड गणितेही सोडवत होते. माझूर यांनी बल आणि गती यांवरचे साध्या शब्दांतले प्रश्न दिले, तेव्हा वर्गातून एकाने विचारले, की तुम्ही शिकवले तसे उत्तर लिहू की मला खरे वाटते तसे? तेव्हापासून त्यांनी व्याख्यान तोडले. मध्येच एक प्रश्न टाकायचा, प्रत्येकाने आपले उत्तर ठरवायचे, शेजाऱ्याला पटवायचे, मग पुन्हा उत्तर द्यायचे. पुढे 2014 मध्ये विज्ञान-अभियांत्रिकीच्या वर्गांवरचे 225 अभ्यास एकत्र तपासले गेले. नुसत्या व्याख्यानाच्या वर्गात नापास होण्याची शक्यता, विद्यार्थ्यांना काहीतरी करायला लावणाऱ्या वर्गापेक्षा दीडपट निघाली. एखाद्या औषधाचा असा निकाल आला असता तर जुने औषध देणाऱ्या डॉक्टरला जाब विचारला असता. आमच्या गावातही हे अगदीच अनोळखी नाही. 1947 साली निघालेल्या हुबळीच्या बी. व्ही. भूमरड्डी कॉलेजचे 2015 मध्ये केएलई तंत्रज्ञान विद्यापीठ झाले, आणि तिथल्या अभियांत्रिकीच्या प्राध्यापकांनी आपले शिकवणे हाच संशोधनाचा विषय केला आहे. कला आणि वाणिज्यवाल्यांनी तिकडे जाऊन बसायला काय हरकत आहे?

आता आम्ही काय करणार ते.

महिन्यातून एक तास दुसऱ्याच्या वर्गात मागच्या बाकावर बसायचे. शक्यतो आपला विषय नसलेल्या वर्गात: इतिहासवाल्याने रसायनशास्त्राच्या, कॉमर्सवालीने कन्नड साहित्याच्या. विषय कळत नसला की विद्यार्थी होणे सोपे जाते. पाहायचे ते विद्यार्थ्यांकडे. कितव्या मिनिटाला पेन थांबले, प्रश्न कोणाला विचारला गेला, मुलींच्या बाजूला एकदा तरी पाहिले का, ‘समजले का’ या प्रश्नावर होकार आला तेव्हा मान कोणाची हलली. तास संपल्यावर चहा, आणि चहाचे पैसे पाहुण्याने द्यायचे. बोललेले तिथेच राहील. प्राचार्यांकडे जाणार नाही, व्हॉट्सअ‍ॅपवर जाणार नाही, बढतीच्या फायलीत तर मुळीच नाही. हे बंधन सुटले की पाहणी उरणार नाही, तपासणी होईल, आणि तपासणीच्या दिवशी सगळेच छान शिकवतात.

नोट्स डिक्टेट करणे आम्ही सोडतो. द्यायच्या तर झेरॉक्स करून आधीच देऊ. तासातली निदान दहा मिनिटे अशा प्रश्नाला, ज्याचे उत्तर गाईडमध्ये नाही. चौथ्या आठवड्यात निनावी चिठ्ठी: काय कळत नाही, कशाने कळेल. कॉलेजचा फीडबॅक फॉर्म सेमिस्टरच्या शेवटी भरला जातो. त्याचा फायदा झालाच तर पुढच्या बॅचला. ज्यांनी तो भरला त्यांना नाही.

भाषेवर आम्ही सर्वांत जास्त वाद घातला. कलघटगी-नवलगुंदकडून कन्नड माध्यमातली, खानापूर-हल्याळकडून मराठी माध्यमातली मुलगी बी.कॉम.ला येते. पहिल्याच पंधरवड्यात डेप्रिसिएशन इंग्रजीतून सुरू होते, ‘रिटन डाउन व्हॅल्यू’ची व्याख्या फळ्यावर येते, ती उतरवून घेते आणि गप्प बसते. तिच्या घरी पाच वर्षे वापरलेला ट्रॅक्टर आहे. तो विकायला काढला तर किती येतील आणि का, हे तिला वर्गातल्या कोणाहीपेक्षा, कदाचित शिक्षकापेक्षाही, नीट ठाऊक आहे. तिला आधी तो ट्रॅक्टर तिच्या भाषेत विचारा. किंमत दर वर्षी सारखीच उतरते की आधी जास्त आणि मग कमी, हे वर्गाला भांडू द्या. घसाऱ्याच्या दोन्ही पद्धती त्या भांडणातूनच निघतात. इंग्रजी नाव मग द्या आणि आग्रहाने द्या, कारण पेपर आणि नोकरी दोन्हीकडे ते लागणार आहे. आमच्यातल्या काहींना भीती आहे की अशाने इंग्रजी मागे पडेल. आमचा अनुभव उलटा आहे: गप्प बसलेल्या मुलाचे इंग्रजीही सुधारत नाही. तेव्हा आमच्या वर्गात प्रश्न कोणत्याही भाषेत विचारता येईल, आणि शिक्षकाला ती भाषा येत नसेल तर वर्गातला कोणीतरी सांगेल. या गावाला यात नवे काही नाही. घरी मराठी बोलणारे द. रा. बेंद्रे कन्नडचे मोठे कवी झाले आणि 1944 ते 1956 सोलापूरच्या डीएव्ही कॉलेजात कन्नड शिकवत होते. मराठीतले जीए इथे इंग्रजी शिकवत होते.

मागण्याही आहेत, मोजक्याच. नव्या शिक्षकाला पहिल्या सेमिस्टरला निम्मेच तास द्या आणि उरलेल्या वेळेत त्याला इतरांच्या वर्गात बसवा. यूजीसीच्या 2018 च्या नियमांनुसार सहायक प्राध्यापकाला आठवड्याला सोळा तास प्रत्यक्ष अध्यापन असते. पहिल्या दिवसापासून पूर्ण सोळा दिले की तो तयारी कधी करणार? मागच्या वर्षीच्या कोणाच्या तरी नोट्स मागून आणतो, आणि तिथेच पाया चुकतो. दुसरी मागणी गेस्ट लेक्चररांची, आणि ती पहिलीपेक्षा मोठी आहे. कर्नाटकातल्या सरकारी पदवी कॉलेजांचे कितीतरी वर्ग त्यांच्यावर चालतात, तसे महाराष्ट्रात तासिका तत्त्वावर चालतात. पुढच्या जूनमध्ये आपण इथे असू की नाही हे ज्याला माहीत नाही, त्याला तीन वर्षांचा विद्यार्थी घडव म्हणणे ही थट्टा आहे. त्यांना सुट्टीतला पगार, निदान तीन वर्षांची हमी आणि प्रत्येक प्रशिक्षणात कायम शिक्षकांइतकीच जागा मिळाली पाहिजे. हे होईपर्यंत चांगल्या अध्यापनावरची सरकारी परिपत्रके आम्ही वाचू, पण गंभीरपणे घेणार नाही. तिसरी मागणी: अभ्यासक्रम दर दोन-तीन वर्षांनी उलटापालटा करू नका. कर्नाटकात 2021 मध्ये चार वर्षांची पदवी आली, 2024-25 पासून पुन्हा तीन वर्षांची झाली. कोणती चांगली हा वाद वेगळा. पण शिक्षकाचा एक पेपर हाताखाली बसायच्या आत बदलतो.

प्रमाणपत्रे आम्ही देणार नाही. 5 सप्टेंबरला शाल-श्रीफळ नाही, आदर्श शिक्षक पुरस्कार नाही, प्रमुख पाहुणे नाहीत. वर्गणीही नाही, कारण खर्च चहाचा आहे. 1916 साली बेळगावात सात शिक्षकांनी केएलई संस्था उभी केली. आज लोक त्यांना सप्तर्षी म्हणतात. आम्हाला संस्था काढायची नाही, ऋषी तर नाहीच व्हायचे. ज्या कॉलेजात आहोत तिथेच, त्याच पगारात किंवा पगाराविना, पुढच्या सेमिस्टरला मागच्यापेक्षा बरे शिकवायचे आहे. प्राचार्यांनी परवानगी नाकारली तर? बाहेरच्या माणसाला बसू देत नसतील तर आपल्याच डिपार्टमेंटमधल्या दोघांनी सुरू करावे. तेही जमत नसेल तर आपलाच तास फोनवर रेकॉर्ड करून घरी ऐकावा. बहुतेकांना तो अर्धाही ऐकवत नाही, असे ज्यांनी केले ते सांगतात.

पहिली बैठक सेमिस्टर सुरू झाल्यावरच्या दुसऱ्या शनिवारी, धारवाडला, दुपारी तीनला. पुढच्या महिन्याची हुबळीला. येताना स्वतः काढलेली एक इंटरनलची प्रश्नपत्रिका आणावी, आणि तिची तीन उत्तरे, नावे झाकून: एक चांगले, एक कोरे, आणि एक असे, की मुलाने हे का लिहिले असेल ते तुम्हाला कळलेले नाही. चर्चा तिसऱ्यापासून सुरू होईल. पीपीटी आणू नये.