पावलं छाटलेली गौर

गेल्या भाद्रपदात गौरी आवाहनाच्या सकाळी मी मंचरच्या बाजारात तेरडा विकत घेतला. चाळीस रुपयांना जुडी. साठी ओलांडली, पण तेरड्याला पैसे मोजायची ही माझी पहिलीच वेळ. घरी येऊन जुडीचा दोरा सोडला, तर एकूण एक रोप बुडख्यापासून कोयत्याने छाटलेलं. मुळं नव्हतीच.

ज्यांच्याकडे मुखवट्यांच्या किंवा खड्यांच्या गौरी बसतात त्यांना यात काय बिघडलं असं वाटेल. माझं माहेर घोडेगावच्या वर, भीमाशंकरच्या वाटेवरचं. आमची गौर तेरड्याची. कोकणातही कितीतरी घरांत हीच रीत आहे. ओढ्याकाठचा तेरडा मुळासकट उपटायचा, वाहत्या पाण्यात मुळं हलक्या हाताने धुवायची, कारण मुळं म्हणजे गौरीची पावलं. माझी आई उंबऱ्यावर त्या मुळांवर दूधपाणी घालायची, हळदकुंकू लावायची आणि मगच रोपं घरात घ्यायची. त्या दिवशी कळंबच्या आमच्या घरात, हातात हळदकुंकवाचं ताट घेऊन मी उंबऱ्याशी उभी होते आणि हळद लावायला पावलंच नव्हती. शेवटी छाटलेल्या दांड्यांनाच बोट टेकवलं. दिवसभर ते मनातून गेलं नाही.

तिसऱ्या दिवशी गौर बोळवून झाल्यावर मी मुद्दाम बाजारात गेले. तेरडा विकणारी बाई डोंगराकडचीच निघाली. मी विचारलं, "मुळं का गं कापलीस?" ती म्हणाली, "मावशी, मुळं ठेवली तर पिशवीत माती सांडती. गिऱ्हाईकच म्हणतं, कापून दे." तिचा काय दोष? तिने मला शिल्लक जुडीतली चार पिकलेली बोंडं फुकट दिली. ती मी पदराच्या गाठीला बांधून आणली. त्या बोंडांचं पुढे सांगते.

आधी मला त्या म्हणीबद्दल बोलायचं आहे. 'तेरड्याचा रंग तीन दिवस.' मराठीत तेरडा हा शब्द आज उरला आहे तो जवळजवळ एवढ्यापुरताच. स्वच्छतेची मोहीम आठवड्यात थंडावली, तेरड्याचा रंग. नव्या पुढाऱ्याचा उत्साह ओसरला, तेरड्याचा रंग. पेपरात, भाषणात, मुलांच्या व्याकरणाच्या वहीत सगळीकडे तेच. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत अठ्ठावीस वर्षं शिकवलं, आणि मीही फळ्यावर ही म्हण लिहून पुढे अर्थ लिहिला आहे : 'फार काळ न टिकणारी गोष्ट.' वर्गातल्या किती जणांनी तेरडा पाहिला आहे, हे मी एकदाही विचारलं नाही. आज त्याची खंत वाटते.

म्हण खोटी नाही. तेरड्याचं एकेक फूल दोन-तीन दिवसांत गळून पडतं. पण ज्यांनी ती म्हण घडवली त्यांच्या डोळ्यांपुढे आख्खं रोप होतं. एक फूल गळलं की वरच्या पानाच्या बेचक्यात दुसरं उमलतं. श्रावणात लागलेला बहर आश्विनापर्यंत चालतो. शिवाय तीन दिवस म्हटलं की आमच्या घरच्या बायकांना दुसरंच आठवतं. अनुराधा नक्षत्रावर गौर येते, ज्येष्ठावर जेवते, मुळावर जाते. भाजीभाकरीचा एक दिवस, पुरणाचा एक दिवस, बोळवणीचा एक दिवस. तेरडा घरात असतो तो बरोबर तीन दिवस. म्हणीतले तीन दिवस मला त्या माहेरपणाचे वाटतात. लेक तीनच दिवस राहते म्हणून तिला कोणी चंचल म्हणत नाही. तिला जावं लागतं. ही माझी समजूत आहे, पण चाळीस वर्षं गौरी बसवलेल्या बाईची समजूत आहे.

आणि रंगाचं म्हणाल तर तो तीन दिवसांचा कधीच नव्हता. लहानपणी आजी तेरड्याची फुलं आणि थोडी पानं पाट्यावर वाटायची. तो लगदा आमच्या नखांवर लिंपून वरून एरंडाच्या पानाचा तुकडा गुंडाळून सुताने बांधायची. रात्रभर बोटं जड वाटायची, कुशीवर वळतानाही हात जपायचा. सकाळी सोडलं की नखं नारिंगी-तांबडी. भांडी घासून, शेणगोठा करूनही तो रंग जायचा नाही. नख वाढेल तसा पुढे सरकायचा, आणि दिवाळीत उटणं लावताना नखाच्या टोकाला त्याची कोर शिल्लक असायची. मेंदीला रंग देणारं जे द्रव्य आहे, लॉसोन, ते तेरड्यातही असतं. हिंदीत तेरड्याला गुलमेहंदी म्हणतात ते उगाच नाही.

कोरियातल्या मुलीही उन्हाळ्यात याच फुलाने नखं रंगवतात. पहिलं बर्फ पडेपर्यंत नखावर रंग राहिला तर मनातलं पहिलं प्रेम खरं होतं, अशी तिकडची समजूत. म्हणजे तिथे हे फूल टिकून राहण्याची खूण झालं. जपानी राजवटीच्या काळात तेरड्यावरचं एक गाणं कोरियन लोकांनी आपलं दुःख सांगायला धरून ठेवलं. फूल तेच. आपण त्याला चंचलपणाच्या म्हणीत ठेवलं, त्यांनी निष्ठेच्या गाण्यात. मी हे वाचलं त्या दिवशी माझ्या आजीची बोटं डोळ्यांपुढे आली.

शास्त्रातलं नाव पाहिलं तर तिथेही त्याच्या स्वभावावर बोट आहे. लिनियसने १७५३ साली दिलेलं नाव इम्पेशन्स बाल्समिना. इम्पेशन्स म्हणजे अधीर. पण हा अधीरपणा फुलाचा नाही, बोंडाचा आहे. पिकलेलं बोंड बोटांच्या चिमटीत नुसतं धरून बघा. लव असलेलं, फुगीर, हिरवट. दाबायचीही गरज नाही. एकदम तडकतं, त्याच्या पाच फाकी क्षणात आत गुंडाळतात आणि बी हातभर लांब उडतं. बोटाला गुदगुली होते. आम्ही पोरं कोणाचं बी लांब जातं याची शर्यत लावायचो. हे रोप असं स्वतःच पेरणी करतं. दरवर्षी मरतं आणि दरवर्षी उगवतं, पण त्यासाठी एकच अट आहे : बोंड पिकेपर्यंत त्याला उभं राहू दिलं पाहिजे.

आमच्या भागाचा फुलांशी जुना संबंध आहे, हे इथल्या फार थोड्यांना ठाऊक असेल. नारायणगावजवळच्या हिवऱ्याला इंग्रजी अमदानीत सरकारी वनस्पती उद्यान होतं. ते पाहणारे डॉ. अलेक्झांडर गिब्सन आणि वनखात्यातले डाल्झेल या दोघांचा 'बॉम्बे फ्लोरा' हा ग्रंथ १८६१ साली निघाला. सह्याद्रीतल्या पिवळ्या तेरड्याच्या शास्त्रीय नावात आज डाल्झेलसाहेब आहेत. त्याचं मला वाईट वाटत नाही, त्यांनी कष्ट केले. पण 'तेरडा' हे नाव ज्या बायकांच्या तोंडी रुळलं त्यांची नावं कुठेच नाहीत. ते नाव आपण बोललो तरच राहणार आहे.

आणि ते कसं जातं हे मी पाहिलं. याच वर्षी एका रोपवाटिकेत मी तेरड्याचं बी मागितलं. काउंटरवरचा मुलगा म्हणाला, "तेरडा आम्ही ठेवत नाही, ते तण आहे." त्याच्या पाठीमागच्या फळीवर चकचकीत पाकिटं ओळीने लावलेली होती, 'बाल्सम'. चित्रात दुहेरी पाकळ्यांचा तेरडा. मी म्हटलं, "अरे बाळा, हा तेरडाच." त्याने पाकीट उलटंसुलटं करून पाहिलं. त्याला खरंच माहीत नव्हतं. त्याच्यावर कसं रागवायचं? त्याच्या आईने सांगितलं नसेल आणि शाळेत माझ्यासारख्या बाईने म्हणीचा अर्थ तेवढा लिहून दिला असेल.

आता बांधावर येते, कारण खरं दुखणं तिथे आहे. माझं लग्न होऊन मी कळंबला आले तेव्हा पहिल्या गौरीला माहेरून तेरड्याचं बी आणलं आणि ओढ्याकडच्या बांधावर टाकलं. आत्याबाई म्हणाल्या, "टाक, गौराईचं आहे, उगवेल." उगवलं. पुढे तीसेक वर्षं मला परत बी टाकावं लागलं नाही. गौरीला पाच रोपं न्यायची, बाकीची बोंड धरायला ठेवायची, एवढाच नियम. डिंभे धरणाचं पाणी घोड नदीला आलं, जिराईत रानात ऊस आणि कांदा उभा राहिला, तरी तो बांध हिरवा-गुलाबी राहिला. कुर्डू, टाकळा, केना, आघाडा, सगळे एकमेकांत गुंतून. कुर्डूची कोवळी पानं भाजीला, आघाडा पूजेला.

मग तणनाशक आलं. आमच्याच घरातल्या माणसाने पाठीवर पंप घेतला आणि बांध मारला. दोन पावसाळे मारला. आठ दिवसांत बांध तांबूस, मग राखाडी. रोप बी धरण्याआधीच जळालं, पुढच्या साली उगवायला काही उरलं नाही. तिसऱ्या वर्षी मी गौरीच्या आदल्या दिवशी टोपली घेऊन गेले आणि रिकामी परत आले. म्हणून मंचर, म्हणून चाळीस रुपये.

शेतकऱ्याची अडचण मला कळते, मी त्याच घरात राहते. खुरपायला बाया मिळत नाहीत, मिळाल्या तर मजुरी परवडत नाही, कांद्याचा भाव कधी पडेल सांगता येत नाही. पिकातल्या तणाबद्दल माझं भांडणच नाही. पण बांधावर पीक नसतं. ओढ्याच्या काठाला पीक नसतं. तिथे फवारा मारायचा तो केवळ 'रान स्वच्छ दिसावं' म्हणून. हा स्वच्छपणा मला मान्य नाही. ग्लायफोसेटसारखं तणनाशक परवानाधारक कीडनियंत्रकाखेरीज कोणी वापरू नये, असा आदेश केंद्र सरकारने ऑक्टोबर २०२२ मध्ये काढला. आमच्या शिवारात तो कोणी वाचलेला दिसत नाही. पंप कोणीही उचलतं, हातमोज्याशिवाय, आणि उरलेलं पाणी ओढ्यात.

हीच माणसं सप्टेंबरात गाडी करून साताऱ्याच्या कास पठारावर जातात. पश्चिम घाटाच्या जागतिक वारशात २०१२ साली कासचा समावेश झाला, तेव्हापासून गर्दी वाढतेच आहे. तिकीट काढून आत जायचं, गुलाबी गालिच्यापुढे फोटो काढायचा. तो गालिचा बराचसा तेरड्याच्याच भाऊबंदांचा असतो. कास जपलंच पाहिजे. पण आपल्या बांधावरचा तेरडा जाळून कासचा तेरडा बघायला जाणं मला पटत नाही.

माझ्या तालुक्याचं नाव आंबेगाव. ज्या गावावरून ते पडलं ते मूळ आंबेगाव डिंभे धरणाच्या पाण्याखाली आहे. कचेऱ्या घोडेगावला, पाट्यांवर मात्र आंबेगाव. ते गाव आठवणारी माणसं एकेक करून जात आहेत. कळंब हेही एका झाडाचं नाव, कदंबाच्या गोतातलं, चेंडूसारखी गोल फुलं येणारं. आमच्या गावातल्या दहा मुलांना ते झाड दाखवा म्हटलं तर दहाही गप्प राहतील. गाव गेलं आणि नाव उरलं, त्याला धरणाची तरी गरज होती. तेरडा जाऊन म्हणीतला तेरडा उरणार असेल तर त्याला काय गरज होती?

आता ती चार बोंडं. त्यांचं बी मी कागदात बांधून देव्हाऱ्याच्या फळीवर ठेवलं होतं. ज्येष्ठात पहिला पाऊस झाल्यावर ओढ्याकडच्या बांधावर टाकलं आणि घरात सांगून टाकलं, या बांधावर फवारा नाही. कोणी वाद घातला नाही. अकरा रोपं आली, दोन गुरांनी खाल्ली, नऊ उभी राहिली. या गौरीला मी त्यातली दोनच उपटली, मुळं ओढ्यात धुतली आणि उंबऱ्यावर त्यांना हळदकुंकू लावलं. शेजारच्या दोन मुली बघायला आल्या होत्या. एकीने विचारलं, "हे पाय आहेत?" मी म्हटलं, "हो, पाय आहेत." परवा त्यातल्या एकीची नखं मी रंगवून दिली.

उरलेल्या सात रोपांची बोंडं आता पिकत आहेत. शेतकरी बंधूंनो, तुमच्या ओढ्याकडचा एक बांध यंदा फवाऱ्यातून सोडा, एवढंच मागते. आणि कोणाला बी हवं असेल तर दिवाळीनंतर कळंबला या. पैसे लागणार नाहीत, कागदाचा तुकडा तेवढा आणा.