जनावराची वागणूक हेच पहिले लक्षण

जनावर मुके असते, पण त्याची वागणूक बोलकी असते. निरोगी गाय दिवसातून साधारण ७ ते ८ तास रवंथ करते. ती रवंथ करायची थांबली, इतर गुरांपासून बाजूला उभी राहू लागली, की काहीतरी बिघडले आहे असे समजावे.

या बदलाचा चुकीचा अर्थ लावला तर माणसाच्याही जिवावर बेतते. गाय किंवा म्हैस एकाएकी घोगऱ्या आवाजात सारखी हंबरू लागते, तोंडातून लाळ गळते, पाणी गिळवत नाही. घशात काही अडकले असेल म्हणून घरचे कोणीतरी तिच्या तोंडात हात घालतात. वास्तविक ही लक्षणे रेबीजची, म्हणजे जनावर पिसाळल्याची असू शकतात. कुत्रा चावून कित्येक आठवडे उलटलेले असतात, त्यामुळे ते कोणाच्या ध्यानात नसते. विषाणू लाळेत असतो व हातावरच्या ओरखड्यातूनही शरीरात शिरतो. माणसात लक्षणे दिसू लागल्यावर मृत्यू जवळजवळ अटळ असतो.

अशा जनावराच्या तोंडात हात घालू नये. पशुवैद्यकाला बोलवावे. लाळ लागली असल्यास ती जागा साबण व वाहत्या पाण्याने १५ मिनिटे धुवावी आणि त्याच दिवशी दवाखान्यात जाऊन लसीबाबत सल्ला घ्यावा.

पशुवैद्यकांनीही सुई भरण्यापूर्वी वागणुकीची चौकशी करावी, आणि ती धार काढणाऱ्या बाईकडे करावी. गोठ्यातला फरक बहुधा तिलाच आधी कळतो. तिला विचारले मात्र जात नाही.