कोर्टाचा हुकूम कोणीं पाळावा?

कोर्टाचा हुकूम रयतेवर सुटला, कीं बेलीफ दारांत उभा राहतो. तोच हुकूम सरकारी खात्यावर सुटला, म्हणजे कागद फडताळांत निजतो. नव्या मुंबईकरितां जमिनी गेल्यावर मोबदल्यासाठीं कोर्टाच्या पायऱ्या झिजविणाऱ्या पनवेल-उरणच्या शेतकऱ्यांस हें निराळें सांगावयास नको.

आमच्याच जिल्ह्यांतली गोष्ट घ्या. डिसेंबर १९२७ मध्यें महाडच्या चवदार तळ्यावर कोर्टाचा तात्पुरता मनाईहुकूम आला. हजारों माणसें सत्याग्रहास जमलीं होतीं, पाणी समोर होतें; तरी डॉ. आंबेडकरांनीं हुकूम पाळला व दावा लढविला. १७ मार्च १९३७ रोजीं हायकोर्टाचा निकाल त्यांच्या बाजूनें लागला. तहानलेल्यांनीं हुकूम मानला, मग खुर्चीवाल्यांस मानावयास काय झालें?

कायदा लंगडा नाहीं. १९७१ च्या कायद्यानें जाणूनबुजून हुकूम मोडणारास सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होतात. २००६ सालीं सुप्रीम कोर्टानें मनाई असतां लाकूडगिरण्यांस परवानगी दिल्याबद्दल महाराष्ट्राचे माजी वनमंत्री स्वरूपसिंग नाईक व सचिव अशोक खोत यांस एकेक महिन्याची कैद सुनावली.

तेव्हां बांधवहो, हुकुमाची नक्कल घ्या, खात्यांत रीतसर द्या, पोंच जपून ठेवा. नुसत्या पैशाच्या निकालास आधीं दरखास्त करावी लागते, हें वकिलास विचारा. बेअदबीचा अर्ज मात्र वर्षाच्या आंत करा. साहेब ‘उद्यां या’ म्हणतो, तेव्हां तो तुमचें हें वर्षच मोजीत असतो.