मेकॅनिकलवाले आणि गडाची वाट

बारावीचा निकाल लागला की कळवणातही घरोघरी एकच घोर: कॉम्प्युटर मिळेल का? नाहीच मिळाले तर नाइलाजाने मेकॅनिकल. आणि मेकॅनिकल म्हणजे सातपूर-अंबडच्या कारखान्यात शिफ्ट, हे पालकांच्या डोक्यात पक्के बसलेले. त्यांच्यापुढे निधी सीतापती हे नाव ठेवावेसे वाटते. माटुंग्याच्या व्हीजेटीआयमध्ये त्या मेकॅनिकलच शिकल्या. ओहायो स्टेट विद्यापीठात मनोज श्रीनिवासन यांच्याकडे त्यांनी पीएचडी केली आणि 2022 मध्ये त्या एमआयटीत (पुण्याच्या नव्हे, अमेरिकेतल्या) सहाय्यक प्राध्यापक म्हणून रुजू झाल्या. संशोधनाचा विषय काय, तर माणूस चालता-पळताना पडत कसा नाही.

ऐकणारा हसेल. पण वस्तुमान, बल, गती, नियंत्रण हे सगळे त्यात आलेच. गुरू-शिष्येने 2015 साली दाखवून दिले, की वेग सारखा कमीजास्त करत चालले तर एकसारख्या चालीपेक्षा 20 टक्क्यांपर्यंत जास्त ऊर्जा खर्च होऊ शकते. 2019 च्या शोधनिबंधात त्यांनी पळणाऱ्यांना धक्के देऊन पाहिले नाही. दर पावलाला आपोआप होणारे बारीक चढउतारच मोजले आणि माणूस स्वतःला कसा सावरतो याचा नियम त्यांतून काढला. तोल ज्या बाजूला कलतो, पुढचे पाऊल त्याच बाजूला पडते. चालण्याचा असा अभ्यास यंत्रांवरही होतो: गोवा विद्यापीठातून बी.ई. झालेले प्रणव भोंसुले अमेरिकेतल्या कॉर्नेलमध्ये ज्या यंत्रमानवावर काम करत होते, तो मे 2011 मध्ये बॅटरी एकदाच चार्ज करून 65 किलोमीटर चालला. त्याला सुमारे 31 तास लागले. खानदेशातून सप्तशृंगगडावर येणारा पदयात्री याहून लांबून येतो, चहा-भाकरीवर.

मुद्दा इथेच आहे. सप्तशृंगगड आपल्या कळवण तालुक्यात. चैत्रात धुळे-जळगावकडचे लोंढेच्या लोंढे पायी येतात, नांदुरीहून घाट चढतात, वर सुमारे 500 पायऱ्या. चालणाऱ्या माणसाचा अभ्यास करायला एवढी गर्दी परदेशातल्या कुठल्या प्रयोगशाळेला मिळणार? गर्दीत दर चार पावलांना थांबून पुन्हा निघणारा जास्त का दमतो, हे 2015 चा तो निबंध वाचून इथे ताडून पाहता येईल. आणि पायऱ्या उतरणारी म्हातारी बघा: अंग तिरपे, एक हात कठड्याला, प्रत्येक पायरीवर दोन्ही पाय टेकवूनच पुढची पायरी. चढताना लागतो दम, उतरताना कापतात मांड्या. कारण उतरताना मांडीचा स्नायू ताणला जात असतानाच ब्रेकचे काम करतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाने जगात दरवर्षी 6 लाख 84 हजार माणसे पडून दगावतात, आणि त्यांत साठीपुढची सर्वाधिक. 2018 पासून गडावर ट्रॉली आहे, बरेच झाले. पण घरचा जिना, मोरीचा उंबरठा आणि शेताचा बांध यांना ट्रॉली नसते.

कोजागरीला तर कावडी येतात, नद्यांचे पाणी घेऊन. कावडीवाल्याची चाल निराळीच: पावले आखूड नि भरभर, एक हात दोरीवर, म्हणजे पाणी हिंदकळत नाही. न थांबताच मानेमागून बांबू फिरवून खांदापालट. संशोधक रॉजर क्रॅम यांनी 1991 मध्ये लवचिक दांड्यांवर ओझे लटकवून माणसे पळवली. श्रम वाचले नाहीत, पण खांद्याला बसणारा हिसका कमी झाला. ते दांडे प्लास्टिकचे होते. आपल्या बांबूचे काय, पावलाच्या आणि बांबूच्या लयीचा मेळ अनवाणी माणूस घाटात कसा घालतो, ते मोजायला फार भांडवल लागत नाही. बांबूखाली एक लोडसेल, कमरेला मोबाइलमधला असतो तसला सेन्सर आणि कावडीवाल्याची परवानगी.

आमच्याकडे शेवटच्या वर्षाचे प्रोजेक्ट मात्र अजूनही बाजारातून तयार विकत आणले जातात. तेच ते सौर वाळवणी यंत्र, त्याच त्या अहवालावर नवे मुखपृष्ठ. कांदा चाळीत कसा टिकेल यावर कोणी काम केले तरी पुष्कळ, असे म्हणायची वेळ. कोजागरी पहिल्या सत्रातच येते. विषयांच्या यादीत कावड घालायला फक्त विभागप्रमुखांची सही लागेल.