बाबासाहेब स्टेटसवर, मग वस्तीत कोण?

१४ एप्रिलला आमच्या वस्तीच्या तोंडाशी वीस फुटी बॅनर लागला होता. वरच्या कोपऱ्यात बुद्ध, फुले, शाहू, आंबेडकर, चौघेही पोस्टाच्या तिकिटाएवढे. मध्यभागी गॉगल घातलेले, हात जोडलेले 'भावी नगरसेवक'. त्यांच्या भोवती चाळीस चेहऱ्यांची माळ. आणि खाली बाबासाहेबांचा विचार: राजकारणातली भक्ती अधोगतीकडे आणि शेवटी हुकूमशाहीकडे नेते!

मित्रांनो, त्या बॅनरखाली उभे राहून हसावे की रडावे हे मला कळेना. विभूतिपूजेविरुद्धचे वाक्य विभूतिपूजेच्याच बॅनरवर छापले होते. छापणाऱ्याला त्यात काही चुकले असे वाटले नाही आणि वाचणाऱ्यालाही नाही. कारण आपण वाक्य वाचत नाही, पाहतो. फुलांच्या हारासारखे ते एक सजावटीचे सामान झाले आहे.

हा लेख त्या एका बॅनरवाल्याविरुद्ध नाही. तुमच्या-माझ्या मोबाइलमधल्या सकाळच्या सुविचारांविरुद्ध आहे.

आधी ते वाक्य कुठले, ते पाहू. २५ नोव्हेंबर १९४९. संविधान सभेतले बाबासाहेबांचे समारोपाचे भाषण. दुसऱ्या दिवशी संविधान स्वीकारले जाणार होते. अशा वेळी दुसरा कोणी असता तर स्वतःची पाठ थोपटून घेतली असती. बाबासाहेबांनी देशाला इशारे दिले. राज्यघटना कितीही चांगली असली तरी ती राबवणारे लोक वाईट निघाले तर तीही वाईटच ठरेल, हे त्यांनी तिथेच सांगितले. आणि कितीही थोर माणूस असो, त्याच्या पायाशी आपले स्वातंत्र्य वाहू नका, असेही बजावले. देशासाठी आयुष्य वेचलेल्या माणसाबद्दल कृतज्ञ असण्यात गैर काही नाही, पण कृतज्ञतेलाही मर्यादा असते, हा भेद त्यांनी स्पष्टपणे मांडला.

आपण हे भाषण कधी काढतो? दिल्लीतल्या नेत्याचे भक्त दिसले की. 'बघा, बाबासाहेब काय म्हणाले होते!' बरोबरच आहे, तिथे ते लागूच आहे. पण गल्लीतल्या 'साहेबां'ना, 'भाऊं'ना, 'दादां'ना ते लागू नाही का? आपला नेता निवडणुकीच्या आदल्या रात्री कुणाच्या बंगल्यावर गेला होता, असे एखाद्या पोराने विचारले की त्याला समाजद्रोही कोण ठरवते? दुसऱ्याच्या भक्ताला अंधभक्त म्हणायचे आणि आपल्या भक्ताला 'निष्ठावंत कार्यकर्ता', हा कुठला न्याय?

कोणी म्हणेल, मग बाबासाहेबांबद्दलची आपली भावना ही भक्ती नाही का? नाही. ती कृतज्ञता आहे, आणि ती असलीच पाहिजे. पण ती भक्ती होऊ द्यायची नसेल तर बाबासाहेब वाचावे लागतात. न वाचता केलेला जयजयकार ही भक्तीच असते, मग मूर्ती कुणाचीही असो.

नेता कसा ओळखायचा, हेही बाबासाहेबांनी सांगून ठेवले आहे. १८ जानेवारी १९४३ रोजी पुण्यात, गोखले स्मारक सभागृहात, न्यायमूर्ती रानड्यांच्या जयंतीनिमित्त त्यांनी व्याख्यान दिले. रानडे, गांधी आणि जिना या तिघांना त्यांनी एकाच तराजूत घातले. जयंतीच्या व्यासपीठावर उभे राहून ते आरती ओवाळत बसले नाहीत, त्यांनी मोजमाप केले. प्रामाणिकपणा हा मोठ्या माणसाचा पाया, हे त्यांना मान्य होते. पण तेवढ्यावर त्यांचे भागत नव्हते. त्याच्यामागे सामाजिक हेतूची प्रेरणा हवी. समाजाला चाबूकही मारावा लागतो आणि समाजातली घाणही उपसावी लागते. ही दोन्ही कामे जो करतो तो थोर, अशी त्यांची कसोटी होती.

आता ही कसोटी आपल्या बॅनरवरच्या चाळीस चेहऱ्यांना लावून पाहा. चाबूक कुणाच्या हातात दिसतो? आणि झाडू?

दुसरे उदाहरण तर आपल्या रोजच्या घोषणेचे आहे. 'शिका, संघटित व्हा, संघर्ष करा.' जुलै १९४२ मध्ये नागपूरच्या अखिल भारतीय दलित वर्ग परिषदेत बाबासाहेबांनी जो अखेरचा सल्ला दिला, त्याचा क्रम होता एज्युकेट, ॲजिटेट, ऑर्गनाइझ. म्हणजे शिका, चेतवा, संघटित व्हा. आणि त्याला जोडून, स्वतःवर विश्वास ठेवा. आपली लढाई संपत्तीसाठी किंवा सत्तेसाठी नसून स्वातंत्र्यासाठी, माणूसपण परत मिळवण्यासाठी आहे, हेही त्यांनी तिथे सांगितले होते.

क्रम बदलला तर काय मोठेसे बिघडले? बिघडले ते असे. मने चेतवण्याची पायरीच आपण खाऊन टाकली. शिकलेल्या माणसाच्या मनात अन्यायाची चीड पेटली, ती त्याने दुसऱ्याच्या मनात पेटवली, तर त्यातून उभी राहणारी संघटना विचारांची असते. ती पायरी गाळून जमवलेली माणसे एखाद्या नेत्याची असतात. नेता फुटला की तीही फुटतात. ३ ऑक्टोबर १९५७ रोजी नागपुरात रिपब्लिकन पक्ष स्थापन झाला, आणि थोड्याच वर्षांत गटातटांची रांग लागली. आज त्या गटांची नावे आठवायला कंसातली अक्षरे पाठ करावी लागतात. आणि 'संघर्ष' उरला तो व्यासपीठावरच्या खुर्चीसाठी!

बांधवांनो, थोर माणसांची वाक्ये थोर का असतात? शब्द गोड असतात म्हणून? नाही. त्यामागे किंमत मोजलेली असते म्हणून. जोतीराव फुले १८७६ ते १८८२ पुणे नगरपालिकेचे सदस्य होते. व्हाइसरॉय लिटनच्या स्वागतावर जनतेचा पैसा उधळण्याला त्यांनी एकट्याने विरोध केला. तिथे टाळ्या वाजवायला कोणी नव्हते. सावित्रीमाई १८९७ च्या प्लेगमध्ये रुग्णांची सेवा करता करता गेल्या. नागरिकाचे कर्तव्य यावर त्यांनी पोस्टर लावले नव्हते. बाबासाहेबांनी २७ सप्टेंबर १९५१ रोजी हिंदू कोड बिलाच्या आणि इतर प्रश्नांवर कायदामंत्रिपदाचा राजीनामा दिला. आज महामंडळाच्या अध्यक्षपदासाठी रांगेत उभे राहणाऱ्यांनी त्या राजीनाम्याची तारीख तरी पाठ करावी. दादासाहेब गायकवाडांनी १९६४ मध्ये भूमिहीनांचा सत्याग्रह केला तेव्हा लोक तुरुंग भरायला निघाले, सेल्फी काढायला नाही.

इथे एक गोष्ट स्पष्ट करतो. जयंतीला नाके मुरडणाऱ्या मनुवाद्यांच्या ओळीत मला बसवू नका. भीमजयंतीची मिरवणूक काढली म्हणून आजही गावागावात आपल्या पोरांवर दगड येतात. ती मिरवणूक ही आपली ताकद आहे आणि ती निघालीच पाहिजे. माझा प्रश्न हिशेबाचा आहे. आमच्या वस्तीत डीजेच्या एका रात्रीला जेवढे पैसे गेले, तेवढ्यात विहारातली बंद पडलेली अभ्यासिका वर्षभर चालली असती. एमपीएससीचा अभ्यास करणारी आमची पोरगी दिवाबत्ती नाही म्हणून बसस्टँडच्या उजेडात वाचते, आणि तिच्या डोक्यावरच्या बॅनरवर लिहिलेले असते, 'शिका!'

मग करायचे काय? चार गोष्टी करा.

एक, कुठलेही वाक्य पुढे ढकलण्याआधी तीन प्रश्न विचारा. हे कुठे म्हटले? कधी म्हटले? कुणाला उद्देशून म्हटले? उत्तर मिळेना, तर पुढे पाठवू नका. बाबासाहेबांच्या नावावर खोटी वाक्ये खपवणाऱ्यांचे काम आपणच सोपे करतो.

दोन, वर्गणीचा पै-पैचा हिशेब विहाराच्या फळ्यावर लावा. स्वतःचा हिशेब न देणाऱ्याला सरकारचा हिशेब मागण्याचा नैतिक अधिकार राहत नाही.

तीन, ग्रामसभेत, वॉर्डाच्या कार्यालयात जाऊन बसा. वस्तीसाठी आलेला निधी कुठे मुरला, शिष्यवृत्ती का अडली, हे माहितीच्या अधिकारात लेखी विचारा. चवदार तळ्यावर आपल्या लोकांनी हक्क मागितला नव्हता, बजावला होता.

चार, आपल्या नेत्याला वर्षातून एकदा तरी सभेत उभे राहून प्रश्न विचारा. तो चिडला तर समजा, आपण नेता नव्हे, मालक निवडला आहे.

तो बॅनर अवकाळी पावसात फाटला. त्याचे कापड कुणीतरी झोपडीवर अंथरले. तेवढाच त्याचा समाजाला उपयोग झाला. पुढच्या जयंतीला वर्गणी मागायला पोरे आली की मी पावती फाडण्याआधी एवढेच विचारणार आहे, अभ्यासिकेचे कुलूप कधी उघडणार?

तुम्हीही विचारा.

जय भीम! जय संविधान!