आकडा राहिला, नाव गेले

सातारा, रत्नागिरीकडील कित्येक गावांत चावडीच्या भिंतीत संगमरवराची एक पाटी बसविलेली आहे. 1914 च्या महायुद्धावर या गावातून इतके इसम गेले, पैकी इतके मेले, एवढाच तिच्यावरचा मजकूर. अपशिंगे गावचा आकडा 46. नाव एकाचेही नाही! बैलाच्या विक्रीपावतीवर रंग-शिंगे तरी लिहितात. आमच्या माणसाला तेवढेही नको काय?

हे नजरचुकीने झाले म्हणावे, तर बसऱ्याचे स्मारक पाहा. 1929 साली ते उघडले. त्यावर गोरा शिपाई नावानिशी, हिंदी अंमलदार नावानिशी, आणि हिंदी शिपाई? पलटणीखाली नुसती संख्या. कूतच्या वेढ्यात 103 व 110 नंबरच्या मराठा पलटणी उपासमारीने झिजल्या, 29 एप्रिल 1916 रोजी शहर पडले, शिपाई कैदी होऊन वाळवंट तुडवीत गेले. पुष्कळ परतलेच नाहीत. त्यांची किंमत ही! नावे ठाऊक नव्हती म्हणावे, तर पगार नावावरच वाटला जात होता. अखेर 2021 साली युद्धकबरी सांभाळणाऱ्या मंडळाच्या समितीनेच कबूल केले, की याच्या मुळाशी वर्णाचा गर्व होता.

परंतु साहेबाला शिव्या देऊन आम्ही मोकळे होणार काय? महायुद्धाच्या मेडलच्या कडेवर शिपायाचा नंबर, नाव व पलटण ठोकलेली असे. शिपायाचे चांदीचे, मजूर-पलटणीतल्याचे ब्राँझचे. दगडाने नाकारलेले नाव तेथे होते; आणि आम्ही ते सोनाराकडे मोडीत घातले! जयंतीला फेटे बांधून तलवारीच्या गप्पा मारणाऱ्यांना विचारा, तुमचा पणजा कोणत्या पलटणीत होता? तोंडाकडे बघत राहतात.

आमच्या गावचे एक पेन्शनर हवालदार 1971 च्या लढाईत होते. 15 ऑगस्टला त्यांना हार घालतात, भाषण मात्र पुढारी करतो. एकदा आम्हीच त्यांना बोलते केले. विजयाचा शब्द त्यांनी काढला नाही. शेजारच्या खंदकात पडलेल्या सोबत्याचे नाव सांगितले, गाव सांगितले, त्याच्या धाकट्या मुलीचेही नाव सांगितले. मग विडी पेटवून गप्प बसले.

आमच्या पाटीवर 23 चा आकडा आहे. मुलांना घरोघर विचारायला लावून शाळेच्या वहीत आजवर नऊ नावे उतरली. त्यांतले एक कुंभाराच्या घरचे, सुयांच्या डबीत निघालेल्या मेडलवरून. वाचकहो, तुमच्या आजीची पेटी उघडा. मेडल सापडले, तर चिंच लावून कड घासा, आणि अक्षरे दिसताच मास्तराकडे या, मोडवाल्याकडे नव्हे.