श्रेयनामावलीत गळलेले ‘कर’

किहीमचं नाव हल्ली छापून येतं ते बहुतेक वेळा जमिनीच्या भावासोबत. कुठल्या नटानं किनाऱ्यालगत किती जागा घेतली, याची खडान्‌खडा माहिती मांडव्याच्या बोटीत बसलेल्या कुणालाही असते. सिनेमा या किनाऱ्यावर मुंबईहून पैसे घेऊन आला, असा एकूण समज. पण सिनेमा इथल्या माणसांच्या रूपानं कधीचाच मुंबईला गेला होता. वाटेत आडनाव तेवढं गळलं.

किहीमच्या दक्षिणेला नवगाव. गलबत फुटून सात पुरुष आणि सात बायका इथे किनाऱ्याला लागल्या, अशी बेने इस्रायल या ज्यू समाजाची परंपरागत कथा. तेलाचा घाणा चालवायचा आणि शनिवारी तो बंद ठेवायचा, म्हणून गावानं त्यांना ‘शनवार तेली’ म्हटलं. मराठी त्यांची घरची भाषा झाली. आडनावं गावांवरून पडली. किहीमकर, नवगावकर, पेणकर, चेऊलकर. या समाजाचा इतिहास १८९७मध्ये लिहून पुरा करणारे हाईम सॅम्युएल हे किहीमकरच. पुस्तक छापून निघायला १९३७ उजाडलं, तेही तेल अवीवला.

त्याच १९३७ साली ‘झांबो’ या चित्रपटातून डेव्हिड अब्राहम चेऊलकर पडद्यावर आले. कायद्याची पदवी घेतलेला, बुटका, टक्कल पडलेला हा माणूस नायक होणं शक्यच नव्हतं. पुढची चाळीसेक वर्षं त्यांनी काका, मामा, डॉक्टर आणि शेजारी रंगवले. ‘बूट पॉलिश’मधला (१९५४) जॉन चाचा म्हणजे गुत्त्याची दारू विकणारा लंगडा म्हातारा. तुरुंगात टकल्या कैद्यांच्या घोळक्यात बसून मन्ना डेंच्या आवाजात तो पावसाला साद घालतो, तेव्हा विनोद आणि करुणा एकाच चेहऱ्यावर कसे नांदतात ते पाहावं. सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर पारितोषिक १९५५मध्ये सुरू झालं आणि पहिलंच मिळालं ते या भूमिकेला. ‘गोलमाल’मध्ये (१९७९) रामप्रसादला नोकरीसाठी पढवून पाठवणारे डॉक्टरही तेच. पण श्रेयनामावलीत नाव एवढंच: डेव्हिड. त्यात जॉन चाचा आणि ‘बातों बातों में’चे अंकल टॉम. मग निम्म्या महाराष्ट्रानं त्यांना वांद्र्याचे ख्रिस्ती गृहस्थ मानलं, यात नवल ते काय! घरी मराठी बोलणारा माणूस मराठी प्रेक्षकालाच परका राहिला.

लेखकाच्या बाबतीत तर त्याहून कठीण, कारण त्याला निदान चेहराही नसतो. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलमआरा’ हा पहिला भारतीय बोलपट लागला. तो ज्या पारशी रंगभूमीच्या नाटकावर बेतला होता, ते जोसेफ डेव्हिड पेणकरांचं. वाडिया मुव्हीटोनचा ‘लाल-ए-यमन’ (१९३३) आणि नादियाची ‘हंटरवाली’ (१९३५) यांच्यामागेही त्यांचीच लेखणी. सिनेमाच्या इतिहासात मात्र ते बहुधा नुसते ‘जोसेफ डेव्हिड’ म्हणून भेटतात, एखाद्या विलायती पाहुण्यासारखे. ‘आलमआरा’ची प्रतही आज शिल्लक नाही, त्यामुळे नावाखेरीज दाखवायला हाती काही नाही; आणि त्यातलंही अर्धं आपण गाळतो.

पेण म्हटलं की गणपती आणि पापड, किहीम म्हटलं की सलीम अलींनी न्याहाळलेली सुगरण. ते योग्यच आहे. पण पर्यटनाच्या पत्रकात बंगल्यांच्या मालकांना जागा मिळते, तर चेऊलकर आणि पेणकर या दोघांना दोन ओळी मिळायला कुणाची हरकत असू नये. ‘आलमआरा’ची शताब्दी २०३१मध्ये आहे. मुंबईत सोहळे होतीलच. पेणच्या नगरपालिकेनं त्याआधी एक फलक लावावा, आणि त्यावर नाव पूर्ण लिहावं.